आवाज कशाचा होता

माझी आत्या लॉबिस्ट आहे. शाळेत कुणी विचारलं की मी "ऑफिसात असते" एवढंच सांगायचे, कारण तिच्या कामाबद्दल आमच्या घरातच एकमत नव्हतं. बाबा तिचे धाकटे भाऊ. सगळे जेवायला जमले की त्यांचा ठरलेला प्रश्न असायचा, "मग ताई, या आठवड्यात कुणाचे कान भरलेस?"

आत्या ताटावरून मान वर न करता म्हणायची, "तुझे भरायचे राहिलेत. पण तिथे जागा कुठे आहे? आधीच काय काय कोंबून ठेवलंयस."

आई हसायची, बाबाही हसायचे, आणि विषय तेवढ्यावर राहायचा.

आत्या ज्या संघात काम करते, तो तंत्रज्ञान उद्योगातल्या छोट्या कारखान्यांचा आहे. श्रवणयंत्रं, दारावरच्या घंटा, गोदामातले तापमान मोजणारे सेन्सर, असलं बारीकसारीक बनवणारे त्याचे सभासद. मोठ्या कंपन्यांकडे वकिलांची आणि सल्लागारांची फौज असते. यांच्याकडे आत्या आहे. नवा कायदा येत असला की तो करणाऱ्यांना भेटायचं आणि या कारखान्यांचं म्हणणं त्यांच्या गळी उतरवायचं, हे तिचं काम.

ती संघात लागली ती टेलिफोनवर. सभासदांचे फोन घ्यायचे आणि योग्य माणसाकडे द्यायचे. पण योग्य माणूस बहुतेक वेळा जागेवर नसायचा, आणि त्याला शोधेपर्यंत तक्रार आत्यालाच पुरती समजलेली असायची. मग तीच उत्तरं द्यायला लागली. एकदा संघाचे सचिव आजारी पडले म्हणून तिला एका समितीकडे नुसते कागद पोचवायला पाठवलं. तिथे कुणीतरी कागदातलं एक वाक्य अडखळत वाचलं आणि विचारलं, याचा अर्थ काय? आत्याने दारात उभ्याउभ्या तो सांगितला. त्यानंतर सचिव बरे झाले, पण समितीकडे आत्याच जात राहिली.

तिची बोलण्याची एक पद्धत आहे. आपली बाजू मांडून झाली की ती जरा थांबते आणि म्हणते, "पण समोरचे लोक तुम्हाला हे सांगतील." आणि विरोधकांचा सगळ्यात भक्कम मुद्दा स्वतःच सांगून टाकते. समितीच्या इमारतीतले शिपाई तिला पाठीमागे पणबाई म्हणतात. पुढे मी तिच्या हाताखाली काम करायला लागले तेव्हा नवी असताना तिला विचारलं होतं, की आपल्याच हाताने त्यांचं काम का करतेस?

"त्यांना ते कळणारच असतं," ती म्हणाली. "मग माझ्याकडून का नको? एकदाच काम करून घ्यायचं असेल तर काहीही सांगता येतं गं. मला तिथे वर्षानुवर्षं जायचं असतं."

भौतिकशास्त्राची पदवी घेतल्यावर पुढे काय, याचा विचार करण्यात मी घरात लोळत होते, तेव्हा तिने मला हाताशी घेतलं. संघाला मोजमापातलं कळणारं माणूस हवं होतं. बाबा म्हणाले, "वा! आता घरात दोन झाल्या." आत्या म्हणाली, "हो, आता आमचं बहुमत."

तेव्हा संघापुढे जे प्रकरण होतं ते असं. एका मोठ्या टेलिफोन कंपनीला रस्त्यावरच्या दिव्यांच्या खांबांवर छोटे अँटेना बसवायचे होते. त्यासाठी तिने रेडिओलहरींचा एक पट्टा मागितला होता, आणि तो नेमका श्रवणयंत्रं वापरतात त्या पट्ट्याच्या शेजारचा होता. पट्टे वेगळे असले तरी शेजारचा आवाज भिंतीतून येतो तसं इथेही होतं. जवळून जोरदार लहरी आल्या की यंत्र घालणाऱ्याच्या कानात खरखर सुरू होते. कारखान्याच्या प्रयोगशाळेत ते दिसलं होतं, आकडे मी स्वतः तपासले होते. संघाची मागणी सरळ होती: हा पट्टा देऊच नका.

संघाचे अध्यक्ष स्वतः श्रवणयंत्रांचे कारखानदार. माणूस मेहनती, पण मनात आलं की तोंडावर आलंच. महिनाभर ते म्हणत होते, की आता जमाना बदलला, एखादी बडी एजन्सी नेमू या, या बाईंच्या गोडगोड पणपणने आपलं काही होत नाही. हे प्रकरण आत्याची परीक्षा आहे हे संघात सगळ्यांना माहीत होतं. जिंकली तर राहील, नाहीतर सत्काराचा हार आणि निरोप.

पट्टा द्यायचा की नाही हे ठरवणाऱ्या समितीची खोली तिसऱ्या मजल्यावर होती. लांबट गोल टेबल, प्रत्येकासमोर वाकड्या मानेचा माइक, झाकण घातलेले पाण्याचे पेले आणि मागे जाड पडदे. समितीच्या प्रमुख एक वयस्कर बाई होत्या. चष्मा कपाळावर सरकवून त्या समोरच्याकडे अशा बघत की माणूस आपण काय बोलायला आलो तेच विसरे. टेलिफोन कंपनीचे वकील पलीकडे बसले होते. त्यांची आणि आत्याची ओळख फार जुनी. दाराशी त्यांनी तिच्या पिशव्या बघितल्या आणि म्हणाले, "काय बाई, दुकान थाटताय?"

"तुमच्याकडे गिऱ्हाईक जास्त, आमच्याकडे माल चांगला," आत्या म्हणाली.

पिशव्यांत प्रयोगाचं सामान होतं. एक छोटा ट्रान्समीटर, खांबावर बसणार त्याच जातीचा. एक श्रवणयंत्र, त्याचा आवाज सगळ्यांना ऐकू यावा म्हणून स्पीकरला जोडलेलं. मांडणी कारखान्याच्या इंजिनिअरने केली. हा तरुण हुशार, पण समितीसमोर पहिल्यांदाच आलेला, त्यामुळे कॉलर सारखी नीट करत होता. माझं काम एवढंच, की स्पीकरचा आवाज लॅपटॉपवर रेकॉर्ड करायचा. इंजिनिअरने "सुरू" म्हटलं की भिंतीवरच्या पांढऱ्या पडद्यावर आलेख येणार होता.

"सुरू," तो म्हणाला, आणि स्पीकरमधून अशी घरघर आली की समितीतल्या एका सदस्याने कानांवर हात ठेवले. इंजिनिअरने "बंद" म्हटलं. शांतता. पुन्हा "सुरू." पुन्हा तीच घरघर. प्रमुखबाईंनी ते यंत्र मागून घेतलं, स्वतःच्या कानाला लावलं आणि तिसऱ्यांदा "सुरू" झाल्यावर चटका बसावा तसं दूर केलं.

"हे असं दिवसभर ऐकायचं?" त्या म्हणाल्या.

वकीलसाहेबांनी एक प्रश्न विचारला, तो कुणी नीट ऐकला नाही. प्रमुखबाई म्हणाल्या, "चहा घेऊन येऊ. मग मतदान."

बाहेरच्या कॉरिडॉरमध्ये कारखानदारांचा चेहरा खुलला होता. "बाई, मानलं तुम्हाला," ते आत्याला म्हणाले. "एजन्सीबिजन्सी विसरा. वकिलाचा चेहरा बघितला का? तोंडचं पाणी पळालं होतं."

आत्याही खूश होती. तिने माझ्या हातात चहाचा कप दिला आणि म्हणाली, "काय शास्त्रज्ञबाई, लागला का निकाल?"

मी खिडकीच्या कट्ट्यावर लॅपटॉप उघडून बसले होते. तपासणी वगैरे काही मनात नव्हतं. आवाज कसा दिसतो हे बघायची मला सवयच आहे. ट्रान्समीटरची खरखर तुटक असते, कारण तो माहिती तुकड्यातुकड्याने पाठवतो. प्रयोगशाळेतल्या आलेखात तिची टोकं एका ठरावीक जागी होती. या आलेखात तिथे काहीच नव्हतं. टोकं दुसरीकडेच होती, विजेच्या पुरवठ्याच्या वारंवारतेच्या बरोबर दुप्पट आणि तिच्या पटींत. हा विजेचा आवाज होता. कुठल्याही ट्रान्समीटरचा नव्हता.

मी विचार करत होते आणि समोरच्या उघड्या दारातून दिसणारे शिपाईदादा खोलीचे दिवे पूर्ण लावत होते, लोकांना कप बशीत ठेवता यावेत म्हणून. भिंतीवर एक गोल बटण होतं. ते फिरवलं की दिवे मंद व्हायचे, उलट फिरवलं की प्रखर.

"दादा," मी विचारलं, "मघाशी तुम्ही दिवे कधी कमी केलेत?"

"पडद्यावर चित्र आलं की करायचे सांगितलं होतं ना," ते म्हणाले. "तो साहेब सुरू म्हणाला की कमी, बंद म्हणाला की जास्त."

श्रवणयंत्रात तारेची एक बारीक गुंडाळी असते, टेलिफोनचा आवाज पकडायला. दिवे मंद करणारं बटण वीज कापून कापून सोडतं, आणि ती गुंडाळी ते ओरबाडणं बरोबर ऐकते. एका वेळी एकच गोष्ट बदलायची, हा प्रयोगशाळेतला पहिला धडा. इथे दर वेळी दोन बदलल्या होत्या.

पण मग ट्रान्समीटरचा आवाज गेला कुठे? मी आत जाऊन टेबलाखाली वाकून बघितलं. ट्रान्समीटरच्या तोंडावर धातूची जाड टोपी घट्ट बसवलेली होती आणि अँटेनाची वायर टेबलाच्या कापडाखाली मोकळी पडली होती. रिकाम्या तोंडाने ट्रान्समीटर चालवला तर तो स्वतःच जळतो. म्हणून प्रयोगशाळेतून काही हलवायचं तर आधी ती टोपी चढवतात. मग सगळी शक्ती टोपीतच जिरते, बाहेर काही जात नाही. इंजिनिअरने सवयीने टोपी चढवून आणली होती आणि घाबरलेल्या अवस्थेत काढायची विसरला होता. मी टोपीला हात लावला. ती चांगलीच गरम होती.

मी आत्याला बाजूला घेऊन सगळं सांगितलं. तिने आलेख माझ्याकडून पुन्हा एकदा समजून घेतला. मग इंजिनिअरला बोलावलं. त्याने आत जाऊन बघितलं आणि बाहेर आला तो पांढराफटक.

"माझी चूक," तो म्हणाला. "सरांना मी सांगतो."

सर मागेच उभे होते. कारखानदारांनी ऐकलं होतं.

"थांबा थांबा," ते म्हणाले. "आवाज तर झाला ना? प्रयोगशाळेत खरखर येते, ती खरी आहे ना?"

"खरी आहे," मी म्हणाले.

"मग झालं तर! खऱ्या गोष्टीला जरा जोर मिळाला. नाटकात पत्रा हलवून विजांचा गडगडाट करतात, म्हणून काय पाऊस खोटा असतो?"

खरं सांगायचं तर तो मुद्दा मला पटण्यासारखा वाटला. आमची गोष्ट खरी होती. आलेख सगळ्यांनी बघितला होता, पण त्याचा अर्थ आमच्याशिवाय कुणाला कळला नव्हता. आणि आत मतं आमच्या बाजूला झुकलेली होती.

आत्याने चहाचा कप कट्ट्यावर ठेवला. "साहेब, त्यांनी यंत्र स्वतःच्या कानाला लावलं," ती म्हणाली. "त्या आता मत देणार ते त्या आवाजावर. तो आवाज त्यांच्याच दिव्यांचा होता."

"त्यांना कधी कळणार आहे?"

"मला कळलंय ना."

"बाई, तुम्ही आत जाऊन हे सांगितलंत, तर संघाच्या बैठकीत मी तुमच्या विरोधात बोलणार. आधीच सांगतो."

"बोला," आत्या म्हणाली. "मुद्दे काढून देऊ का?"

आणि ती आत गेली. मी मागोमाग.

सगळे पुन्हा बसत होते. प्रमुखबाईंनी चष्मा कपाळावर सरकवला. आत्या माइकपाशी बसली नाही, उभीच राहिली.

"मतदानाआधी एक सांगायचंय," ती म्हणाली. "मघाशी आपण जो आवाज ऐकलात तो ट्रान्समीटरचा नव्हता. आमचा ट्रान्समीटर बाहेर काही सोडतच नव्हता, त्याच्या तोंडावर टोपी होती. तो आवाज या खोलीच्या दिव्यांचा होता. प्रयोग आमचा, चूकही आमची. तो ऐकून कृपया मत देऊ नका."

टेबलाच्या त्या टोकाला कुणीतरी हसलं, मग दोघं-तिघं हसले. ज्या सदस्याने कानांवर हात ठेवले होते तो म्हणाला, "म्हणजे बंदी आमच्या दिव्यांवरच आणायला हवी!" वकीलसाहेब हसले नाहीत. ते आत्याकडे बघत होते, जुन्या भिडूने अचानक अवघड खेळी करावी तसे.

प्रमुखबाई मात्र चिडल्या. "तुम्ही इतकी वर्षं इथे येता. मी तुमचं म्हणणं न तपासता ऐकते. आणि आज हा तमाशा?"

"हो," आत्या म्हणाली. सारवासारव नाही, इंजिनिअरचं नाव नाही.

प्रमुखबाईंनी चष्मा नाकावर घेतला. मग म्हणाल्या, "खरा आवाज ऐकवता येईल का? आत्ता?"

आम्ही पडदे सरकवले. दिवे पूर्ण ठेवले आणि शिपाईदादांना बटणाला हात लावू नका म्हणून सांगितलं. ते दोन्ही हात मागे बांधून भिंतीशी उभे राहिले. इंजिनिअरने रुमालाने टोपी फिरवून काढली आणि अँटेना जोडला. या वेळी कॉलरकडे त्याचं लक्ष नव्हतं.

"सुरू," तो म्हणाला.

मघाच्या घरघरीपुढे हा आवाज म्हणजे काहीच नव्हतं. बारीक, तुटक, कागदावर नख ओढल्यासारखी खरखर. प्रमुखबाईंनी यंत्र कानाला लावलं आणि उठून खिडकीकडे चालू लागल्या. वाटेत एका जागी थांबल्या, एक पाऊल मागे आल्या, पुन्हा पुढे गेल्या.

"इथे थांबतो," त्या म्हणाल्या. "इथून पुढे काही नाही."

"बघा," वकीलसाहेब म्हणाले. "चार पावलं लांब गेलं की संपलं. यासाठी पट्टाच द्यायचा नाही म्हणतात."

"आणि खांब खिडकीला चिकटून असला तर?" प्रमुखबाईंनी विचारलं. प्रश्न माझ्याकडे बघून होता, कारण लॅपटॉप माझ्याकडे होता. "किती अंतर पुरेल?"

मी आत्याकडे बघितलं. तिने मानही हलवली नाही.

"या खोलीत, या एका यंत्रासाठी, तुम्ही उभ्या आहात तेवढं," मी म्हणाले. "दुसऱ्या यंत्रांचं मला माहीत नाही. खांबावरची ताकद याहून जास्त ठेवली तर अंतर वाढेल. ते जागेवर जाऊन मोजावं लागेल."

"त्यांनाच माहीत नाही," वकीलसाहेब म्हणाले.

"त्यांना माहीत नाही हे त्या सांगताहेत," प्रमुखबाई म्हणाल्या. "तुमच्या कंपनीने मोजलंय?"

वकीलसाहेबांनी समोरचे कागद एकदा उलटे केले, एकदा सुलटे. "नाही," ते म्हणाले.

आमची मूळ मागणी त्या दिवशी पडली. पट्टा कंपनीला मिळाला, आणि पडण्यासारखीच ती मागणी होती हे मला तेव्हाच दिसलं. आम्ही संपूर्ण पट्टा अडवायला निघालो होतो, आणि त्रास होता तो खिडकीजवळच्या खांबांचा. पण प्रमुखबाईंनी स्वतः एक दुरुस्ती मांडली: घर, शाळा, दवाखाना यांच्याजवळच्या प्रत्येक खांबापाशी आधी श्रवणयंत्रं लावून मोजायचं, खरखर आली तर खांब हलवायचा किंवा ताकद कमी करायची, आणि खर्च कंपनीचा. मोजणाऱ्यांत एक माणूस संघाचा असेल. आत्याने वकीलसाहेबांकडे बघितलं. ते विरोध करू शकले असते, तशी त्यांची तयारीही असणार. पण ते म्हणाले, "हरकत नाही. या बाईंचा माणूस असेल तर मोजमाप चोख होईल." दुरुस्ती एकमताने मंजूर झाली.

बाहेर पडल्यावर जिन्यात त्यांनी आत्याला गाठलं. "आज तुम्ही माझं निम्मं काम फुकट केलंत."

"आणि उरलेलं निम्मं तुमच्याकडून करून घेतलं," आत्या म्हणाली.

रस्त्यावर आल्यावर तिने माझा दंड धरला. घट्ट. मला वाटलं लाडाने धरलाय, पण ती म्हणाली, "जरा बसू या कुठेतरी." आम्ही एका बंद दुकानाच्या पायरीवर बसलो.

"भीती वाटली?" मी विचारलं.

"अगं, मेले होते," ती म्हणाली. "ती हसायला लागली ना माणसं, तेव्हा वाटलं, या वयात कुठे नोकरी शोधणार मी? टेलिफोनवर तरी घेतील का कुणी?"

इतकी वर्षं मी तिला कायम तयारीत बघितलं होतं, घरी बाबांसमोरसुद्धा. तेव्हा मला पहिल्यांदाच कळलं, की ती आत गेली तेव्हा तिच्याकडे काहीच तयार नव्हतं. ती तशीच गेली होती. मी तिची ट्रान्समीटरची पिशवी माझ्या खांद्यावर घेतली, आणि त्या रस्त्यावरून जाणाऱ्या प्रत्येकाला थांबवून सांगावंसं वाटलं, की ही माझी आत्या आहे.

संघाची बैठक पुढच्या आठवड्यात झाली. कारखानदारांनी शब्द पाळला. उभे राहून ते आत्याच्या विरोधात बोलले, आणि चांगलं बोलले: समितीत जाण्याआधी प्रयोग तपासला नाही, मूळ मागणी गेली, सभासदांना न विचारता निर्णय घेतला. मग कागद खाली करून म्हणाले, "चौथा मुद्दा असा, की दिवे कोण आणि कधी कमी करणार हे बाईंनी आदल्या दिवशीच विचारायला हवं होतं. मागे एका प्रयोगाच्या वेळी पंखे कोण लावणार हे त्यांनी असंच आधी विचारलं होतं, म्हणजे ही काळजी घ्यायला हवी हे त्यांना माहीत होतं."

मागच्या रांगेतून सेन्सर बनवणाऱ्या एक बाई म्हणाल्या, "साहेब, हा पंख्यांचा प्रसंग तुमच्या आधीचा आहे. तुम्हाला कुणी सांगितला?"

कारखानदारांनी आत्याकडे बोट केलं. "त्यांनीच. मुद्दे मागितले तर चारही त्यांनी दिले. तीन मला सुचले असते, चौथा नसता सुचला."

हशा इतका झाला की मतदान मोजायला दोनदा हात वर करावे लागले. आत्या राहिली. कारखानदारांचा हात तिच्या विरोधातच होता आणि मला त्यातही काही वावगं वाटलं नाही. बैठक संपल्यावर त्यांनी मला बाजूला बोलावून विचारलं, की खांबांच्या मोजणीला संघाचा माणूस म्हणून जाशील का.

रात्री जेवताना मी ते घरी सांगितलं, आणि आत्या आत कशी गेली तेही, दिव्यांच्या बटणापासून शेवटच्या हशापर्यंत. बाबांनी त्यांचा ठरलेला प्रश्न त्या रात्री विचारला नाही. शेवटी त्यांनी फक्त भाजीच्या वाडग्याकडे हात केला आणि म्हणाले, "ताई, आधी तू घे."

मोजणी सोमवारी सुरू झाली. पहिला खांब एका शाळेच्या खिडकीपासून हाताच्या अंतरावर होता. तो हलवावा लागला.